समोरचा आला नाही तर

आमच्या घरात रेल्वेचा विषय काढायचा नाही असा नियम होता, आणि घराबाहेर रेल्वेशिवाय दुसरा विषय नव्हता. बीड जिल्ह्यात रेल्वे येणार, हे माझ्या जन्माआधीपासून ठरलेलं होतं. ते इतकं खात्रीचं होतं की लग्नाच्या माहितीपत्रात लोक बिनदिक्कत लिहायचे, 'घर नियोजित स्टेशनपासून हाकेच्या अंतरावर'. माझ्या एका मावसबहिणीला अशाच घरात दिली. तिची पोरं कॉलेजात गेली तरी स्टेशन आपलं नियोजितच. दर काही वर्षांनी मोजणीवाले यायचे, माळावर खुंट्या ठोकायचे आणि जायचे. ते गेले की त्या खुंट्या आम्ही शेरडं बांधायला वापरायचो. आमच्या दावणीला अशा तीन वेगवेगळ्या मोजण्यांच्या खुंट्या होत्या, आणि शेवटच्या मोजणीच्या खुंट्या हलक्या लाकडाच्या निघाल्या म्हणून मोठीमायनं सरकारला शिव्या घातल्याचं मला चांगलं आठवतं.

मोठीमाय म्हणजे माझी थोरली चुलती. माझी आई मी लहान असताना गेली, त्यामुळं मला वाढवलं ते मोठीमायनं. तिला स्वतःचं मूल झालं नाही. तिच्याकडं मी होते आणि तीसेक शेरडं होती, आणि वागणूक आम्हा सगळ्यांना सारखीच होती. तिचा नवरा, म्हणजे माझे मोठे आबा, कोकणात रेल्वेत नोकरीला. रुळांची देखभाल करणारे. अख्ख्या जिल्ह्याला रेल्वे हवी होती, आणि ज्या एका घरात रेल्वेचा माणूस होता त्या घरातली बाई जन्मात रेल्वेत बसली नव्हती. विषय वर्ज्य होता तो यामुळं.

जिल्ह्यात रेल्वे नव्हतीच असं मी म्हटलं तर घाटनांदूरचे लोक भांडायला येतील. त्यांचं खरं आहे. त्यांच्याकडं निजामाच्या काळापासून गाडी थांबते. आणि सगळं बिघडलं तेही घाटनांदूरलाच. आबांना कोकणात नोकरी लागून आठ-दहा दिवस झाले होते आणि ते बायकोला न्यायला आले होते. तिकडं पत्र्याची खोली मिळाली होती. वडील दोघांना सोडायला स्टेशनवर गेले होते, म्हणून ही हकिकत मला त्यांच्याकडून कळली. मोठीमायनं ट्रंक घेतली, पाटा-वरवंट्यातला वरवंटा घेतला आणि पदराखाली एक करडू घेतलं. त्याची आई दोन दिवसांपूर्वी मेली होती आणि ते मोठीमायच्या बोटानं दूध प्यायचं. गाडी आली. दोघं चढली. करडू ओरडलं. डब्यात कुणी काही बोललं नाही, तिकीट तपासनीसही जवळपास नव्हता. बोलले ते आबा. आठ दिवसांची नोकरी, नियमांचं पुस्तक नुकतंच तोंडपाठ झालेलं. "जनावर डब्यात चालत न्हाई," म्हणाले, "त्याचं येगळं तिकीट लागतंय. खाली ठिव."

मोठीमाय करडू घेऊन खाली उतरली. खाली उभं राहून तिनं वर बघितलं. आबा वर दारात उभे. गाडी सुटली आणि आबा गाडीबरोबर गेले. ट्रंक आणि वरवंटाही गेला.

घरी आल्यावर आजीनं विचारलं तेव्हा मोठीमाय एवढंच म्हणाली, "गाडी माज्या शिवारात यिऊन थांबंल तवा बसन म्या." घरच्यांना वाटलं, राग आहे, महिन्याभरात उतरेल. ती करडू वाढवत बसली. त्या करडाची नात-पणत माझ्या दहावीपर्यंत आमच्या वाड्यात नांदत होती. आबा दर वर्षी बायकोच्या नावाचा रेल्वेचा पास काढायचे आणि दर वर्षी तो कोरा परत जायचा.

आबा वर्षातून दहा दिवस गावी यायचे. पावसाळ्यात त्यांना रजा नसायची, कारण कोकणात पावसाळा म्हणजे रेल्वेची कसोटी. यायचे ते उन्हाळ्यात, खांद्यावर फणस घेऊन. तेलगावला एसटीतून उतरले की गावात बातमी आधी पोचायची आणि वास मागून. फणस कुणालाच कापता यायचा नाही, पण मोठीमायचा कोयता चालायचा. ती चीक हाताला लागू न देता फणस कापायची आणि गरे सगळ्या आळीत वाटायची. आबांशी मात्र कामापुरतं बोलायची. मला आबांचा राग होता. कुणाचा तरी राग यायला हवा होता, आणि मोठीमायचा येणं शक्य नव्हतं.

पण ऐकायला मी पहिल्या रांगेत असायचे, हेही कबूल करते. आबा संध्याकाळी चहाच्या हॉटेलसमोर बसले की माणसं गोळा व्हायची, कारण ते कोकण सांगायचे. आमच्याकडच्या माणसाला डोंगर म्हणजे कपिलधारचा, आणि तोही देवाच्या निमित्तानं बघितलेला. आबांच्या कोकणात डोंगर संपतच नव्हते. "एक डोंगुर पोखरून बाहीर यावं तर म्होरं दरी, दरीवर पूल बांधून पल्याड जावं तर पुन्ना डोंगुर," ते म्हणायचे. "रेल्वेला सरळ चालाया जागाच न्हाई तिकडं." कोकणातल्या लोकांनीही पिढ्यान्‌पिढ्या वाट बघितली होती. त्यांचे आजे-पणजे मुंबईला बोटीनं जायचे, ओकत जायचे आणि ओकत यायचे, पावसाळ्यात तर बोटही बंद. साहेबाच्या राज्यापासून मोजण्या झाल्या आणि कागद कपाटात गेले. हे ऐकलं की आमच्याकडची माणसं एकदम खुश व्हायची. आपल्यासारखंच कुणाला तरी टांगून ठेवलं होतं, याचा आनंद वेगळाच असतो.

मग आबा बोगद्यावर यायचे. एक बोगदा इतका लांब की गाडी आत शिरल्यावर तंबाखू मळावी, चुना लावावा, तोंडात टाकावी, आणि थुंकायची वेळ आली तरी उजेड दिसत नाही. गोव्याच्या अंगाला एक बोगदा होता, त्याची माती लोण्यासारखी. दिवसभर खणायचं आणि सकाळी जाऊन बघावं तर पुन्हा भरलेला. "डोंगराला वाटायचं, ही मान्सं खड्डा कावून करायलीत," आबा म्हणायचे. "त्यो बुजवून टाकायचा बिचारा." त्या खणण्यात आमच्या भागातले लोक होते. दगड फोडायला बीडचा माणूस आणि पाऊस पडायला कोकण, अशी वाटणी होती म्हणे. आबा आधी खडी फोडायलाच गेले होते, मग कायम झाले.

पण त्यांचा आवडता विषय गस्त. पावसाळ्यात दरड कोसळते, रुळावर धोंडे येतात, म्हणून प्रत्येक टप्प्यावर माणूस पायी फिरतो. हातात कंदील, काखेत लाल-हिरवे झेंडे, अंगावर रेनकोट. आपला टप्पा संपतो तिथं पलीकडच्या टप्प्याचा माणूस समोरून येतो. दोघं भेटतात, वह्यांची अदलाबदल करतात आणि आपापल्या वाटेनं माघारी फिरतात. ज्याच्या हातात समोरच्याची वही, त्यानं टप्पा पूर्ण केला. खोटं बोलायला जागाच नाही.

"आन समोरचा आलाच न्हाई तर?" हा प्रश्न दर वर्षी कुणीतरी विचारायचंच. बहुधा मीच.

"समोरचा आला न्हाई तर बसून ऱ्हायचं न्हाई," आबा म्हणायचे. "त्याच्याकडं चालत जायाचं. त्यो भेटंस्तवर जायाचं. त्यो दरडीखाली असंल, न्हाईतर पाय मोडून पडला असंल. वाट बघत बसनारा मानूस गस्तीला कामाचा न्हाई."

मोठीमाय लांब अंगणात शेरडांना पाला घालत असायची. तिला सगळं ऐकू जायचं. तिनं कधी मान वर केली नाही.

मग आबा निवृत्त होऊन कायमचे घरी आले, आणि त्याच सुमारास जिल्ह्याची रेल्वेही खरंच आली. म्हणजे आधी भराव आला, मग खडी, मग रूळ. आणि हे सगळं आलं ते आमच्या माळातून. मोठीमायची शेरडं जिथं चरायची त्या माळाचे दोन तुकडे झाले. मध्ये ओढ्यावर भरावाखालून एक मोरी बांधली, तेवढीच शेरडांना अलीकडून पलीकडं जायची वाट. स्टेशन आमच्या गावाला नाही. एक तालुक्याच्या अंगाला आणि दुसरं तिथून बारा-तेरा किलोमीटरवर, आमच्या पलीकडं. आम्ही मधल्यामध्ये.

आबांना निवृत्ती मानवेना. आल्यावर आठवड्याभरात त्यांनी गस्त सुरू केली. आमचा माळ तळहातासारखा सपाट. पाऊस कसा असतो ते विसरायला होईल असा मुलूख. आणि त्यात आबा उन्हाळ्यात, अंगावर कोकणातला काळा रेनकोट घालून, काखेत झेंडे घेऊन भरावाच्या कडेच्या पायवाटेनं चाललेले. रुळावर पाय ठेवायचे नाहीत, ते नियमात बसत नाही. गावाजवळ मुरमाची एक टेकडी कापून वाट केली होती, पुरुषभर उंचीची. तिच्यापुढं उभं राहून आबा मान हलवायचे आणि म्हणायचे, "हितं दरडीला लक्ष द्यावं लागंल." ती दरड अजून कोसळलेली नाही. तिच्यावरून शेरडं उड्या मारतात.

मी गावातल्याच शाळेत शिक्षिका आहे. वर्गात पोरं आबांची नक्कल करायला लागली तेव्हा मी घरी येऊन तोंड सोडलं. "आबा, रेनकोट तरी काढा. लोक हसतात."

"रेनकोटाबिगर गस्त म्हंजी टोपीबिगर पोलीस," आबा म्हणाले.

त्यांची खरी अडचण वेगळीच होती. समोरून यायला माणूस नव्हता. वही कुणाशी बदलणार? त्यांनी दोन-तीन म्हाताऱ्यांना विचारलं, ते म्हणाले आमचे गुडघे दुखतात. शेवटी एका दुपारी ते मोठीमायपुढं उभे राहिले. इतक्या वर्षांत त्यांनी तिच्याकडं काही मागितलेलं मी पहिल्यांदा बघितलं. "तू तर रोज शेरडं घिऊन मोरीच्या पल्याडच असती," ते म्हणाले. "चार वाजता मोरीवर यायचं. एवढंच."

"मला लिवता येत न्हाई."

"अंगठा चालतो."

आबांनी तिच्यासाठी आणलेली वेगळी वही मोठीमायनं घेतली. मला वाटलं होतं ती भिरकावेल. तेव्हापासून रोज चारला आबा अलीकडून आणि ती पलीकडून मोरीवर भेटायची. ती आबांच्या वहीत अंगठा द्यायची, कधी काजळीचा, कधी हळदीचा, कधी नुसत्या चिखलाचा. आबा त्यावर लिहायचे, 'मार्ग सुरक्षित'. बदल्यात ती तिची वही त्यांना द्यायची. तिच्या वहीत ती काय लिहिणार, म्हणून ती तिच्यात भाकरी घालून आणायची. आबा भाकरी खायचे आणि वही रिकामी करून परत द्यायचे. कधी बोलायची, कधी नाही. ती म्हणायची, "दोन शेरडं तुमच्या खडीत अडकलीती." ते म्हणायचे, "शेरडं येत असत्याल तर तार मारावी लागंल." ती म्हणायची, "मारा की. मग भाकर बी तारंच्या पल्याडून खा." मी हे शाळेतून येताना लांबून बघायचे. माझा आबांवरचा राग कमी होत होता आणि मला त्याचाच राग यायचा.

गाडी सुरू व्हायची वेळ जवळ आली तशी आबांना घाई सुटली. त्यांना एकच गोष्ट करायची होती. तिला गाडीत बसवायचं, नगरपर्यंत न्यायचं, तिथून गाड्या बदलत कोकणात, आणि तो लांब बोगदा दाखवायचा. पण गाडी शिवारात थांबल्याशिवाय ती बसणार नव्हती. मग आबांनी थांबा मिळवायचं ठरवलं. सरळ माणूस, सरळ मार्ग. ते आमच्या गावच्या पुढाऱ्याकडं गेले.

हे पुढारी उसाचे मोठे बागायतदार. त्यांना बरेच दिवस हाती विषय नव्हता. आबांनी निवेदन दिलं आणि कारण लिहिलं 'जनतेची सोय'. शेरडाच्या करडावरून झालेलं भांडण, असं कसं लिहिणार? पुढाऱ्यांनी विषय उचलून धरला. आठवड्याभरात वेशीवर फलक लागला, 'थांबा आमच्या हक्काचा', आणि त्यावर पुढाऱ्यांच्या खाली कोपऱ्यात रेनकोट घातलेले आबा, खाली लिहिलेलं, 'मार्गदर्शक'. साखळी उपोषण झालं. ते सकाळी दहा ते पाच चालायचं आणि दुपारी जेवायला सुटायचं. गावातल्या शे-दीडशे माणसांनी सह्या केल्या. एका बाईच्या एका वाक्यासाठी हे सगळं चाललंय हे फक्त मला, आबांना आणि मोठीमायला माहीत होतं. मोठीमाय उपोषणाच्या मांडवासमोरून शेरडं घेऊन जायची आणि मंडपाचा पाला शेरडांना खाऊ घालायची.

रेल्वेचं उत्तर आलं ते येणार होतं तसंच आलं. दोन स्टेशनांमधलं अंतर कमी, मध्ये थांबा देता येत नाही. पुढारी कागद फडकवत आबांकडं आले. आबांनी चष्मा लावून दोनदा वाचलं आणि म्हणाले, "बराबर लिवलंय. नियमात बसत न्हाई." पुढारी त्यांच्याकडं बघतच राहिले.

पण पुढारी हार मानणारे नव्हते. पहिल्या गाडीच्या दिवशी गाडी आपल्या शिवारात मिनिटभर थांबेल, आपण चालकाचा सत्कार करू, वर बोलणं झालंय, असं त्यांनी गावभर सांगून टाकलं. बोलणं कुणाशी झालं, हे त्यांनी सांगितलं नाही. बँडवाले ठरले. माझ्या शाळेतल्या पोरींना स्वागतगीत बसवायचा हुकूम आला. मी बसवलं. काय करणार?

आबांना खरं माहीत होतं. गाडी थांबणार नाही. म्हणून आदल्या दिवशी ते मोठीमायला म्हणाले, "जीप सांगितलीया. तालुक्याच्या टेसनवर जाऊ, तिथून बसू. दोन तिकिटं काढलीत. माळावरून जाताना खिडकीतून बघ तुजा माळ." मोठीमाय काही बोलली नाही. न बोलणं म्हणजे होकार, असं आबांनी धरलं. त्यांनी कोट इस्त्री करून आणला. मी तिच्यासाठी नवं लुगडं काढून ठेवलं. मला तिनं जावं असं वाटत होतं, हे सांगून टाकते. तिचं सगळं आयुष्य त्या माळावर गेलं होतं.

सकाळी जीप दारात आली आणि गोठ्यात काळी शेळी व्यायला लागली. पहिलंच वेत, आणि करडू आडवं आलेलं. मोठीमाय नवं लुगडं नेसलेली, बाह्या वर करून शेळीपाशी बसली.

आबा दारात उभे. पाच मिनिटं थांबले, दहा मिनिटं थांबले. जीपवाला भोंगा वाजवायला लागला. "कुनालातरी सांग ना बसाया," आबा म्हणाले.

"कुनाला येतंय?" मोठीमाय म्हणाली. तिनं मागं वळून बघितलंही नाही.

आबांचा चेहरा लाल झाला. "तवा बी करडू," ते म्हणाले, "आन आता बी करडूच." आणि ते जीपमध्ये बसून निघून गेले. एकटे. मी दारात उभी राहून त्या जीपची धूळ बघत होते. त्या क्षणी मला आबांना काहीतरी फेकून मारावंसं वाटलं. हाताशी फक्त त्यांचा रेनकोट होता, खुंटीला लावलेला.

करडू सुखरूप निघालं. मोठीमायनं ते पुसलं, शेळीला चाटायला दिलं, हात धुतले आणि म्हणाली, "चल. गाडी बघाया."

माळावर जत्रा भरली होती. मंडप, बँड, माझ्या पोरी रांगेत, पुढारी हातात भलामोठा हार घेऊन भरावाच्या पायथ्याशी. मोठीमाय शेरडं घेऊन मोरीजवळ उभी होती, एकटीच, पदरात ते नवं करडू, पहिलटकरीण काळी त्याला जवळ घेईना म्हणून. मी पोरींकडून तिच्याकडं आणि तिच्याकडून पोरींकडं करत होते. गाडी लांबून दिसली. बँड सुरू झाला. पोरींनी स्वागतगीत धरलं. पुढाऱ्यांनी हार उंच केला.

गाडी थांबली नाही. थांबायचं तिच्या मनातही नव्हतं. ती आली तशी गेली, पुढाऱ्यांचा हार वाऱ्यानं उलटा त्यांच्याच गळ्यात पडला, आणि बँडवाल्यांना काय करावं सुचेना म्हणून ते वाजवतच राहिले. तिसऱ्या डब्याच्या दारात आबा उभे होते, इस्त्रीच्या कोटात. त्यांनी मोरीकडं बघितलं. मोठीमायनं त्यांच्याकडं बघितलं. घाटनांदूरला झालं होतं अगदी तसंच झालं, फक्त या वेळी मी होते.

लोक हसत, शिव्या देत पांगले. पुढाऱ्यांनी जाता जाता जाहीर केलं की गाडी थांबली नसली तरी वेग कमी केला होता, आणि तो आपल्याच पाठपुराव्यानं. मी पोरींना शाळेत सोडलं आणि परत आले. मोठीमाय मोरीवर बसली होती.

"घरी चल," मी म्हटलं.

"चार वाजूस्तवर बसते."

"आबा नगरला पोचले असतील. ते कुठून येणार चारला?"

ती बसून राहिली. मीही बसले, कारण माझं तिच्यापुढं कधी चाललं नाही. चार वाजले. सवाचार झाले. पायवाटेवर कुणी नव्हतं. मोठीमाय उठली, करडू पदरात घट्ट बांधलं आणि पुढं चालायला लागली. घराकडं नव्हे. गाडी गेली त्या बाजूला.

"मोठीमाय, कुठं निघालीस?"

"समोरचा आला न्हाई," ती म्हणाली. "मग बसून ऱ्हायचं नसतंय."

तीस शेरडं माझ्यावर पडली. मी शाळेची साडी नेसलेली, पायात टाचांच्या चपला, आणि हातात दावं. शेरडांना मोठीमाय दिसत होती म्हणून ती तिच्यामागं निघाली आणि शेरडांमागं मी. भरावाच्या कडेनं आमची ही मिरवणूक चालली. एका शेतकऱ्यानं विचारलं, "बाई, शाळेची सहल का?" मी चपला काढून हातात घेतल्या.

तासभर चाललो असू. पुढच्या वळणावर एक माणूस दिसला. कोटाची घडी करून खांद्यावर टाकलेली, लंगडत चाललेला आणि तरीही दर वीस पावलांवर थांबून रुळाकडं वाकून बघणारा. आबाच. ते पुढच्या स्टेशनवर उतरले होते. नगरचं तिकीट खिशात तसंच, आणि भर दुपारपासून पायी माघारी येत होते. गुडघ्यांमुळं जागोजाग बसावं लागलं, म्हणून उशीर झाला होता.

दोघं एकमेकांसमोर थांबली. आबांनी आधी मागं रुळाकडं बोट केलं. मग ते म्हणाले, "तिकडं एका ठिकानी खडी हललीया. सांगाया पायजे."

मोठीमायनं त्यांच्याकडं वरपासून खालपर्यंत बघितलं. "उतरलाव का?"

"उतरलो."

"इतक्या वर्सांनी."

आबा खाली बघत म्हणाले, "गाडी न्हाई थांबली तुज्या शिवारात. म्या लई खटपट केली."

"मला गाडी थांबाया कवा पायजे व्हती?" मोठीमाय म्हणाली. तिचा आवाज अगदी साधा होता, शेरडांना हाक मारावी तसा. "घाटनांदूरला म्या उतरले. तुमी उतराया पायजे व्हतं. बस्स."

आबांच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं आणि ते त्यांनी लपवलं नाही. माझंही तसंच झालं. पण एका शेळीनं नेमकं तेव्हाच कोटाची बाही तोंडात धरली आणि आबांना रडता रडता तिच्याशी ओढाओढी करावी लागली. मोठीमाय हसली. तिला मोकळेपणी हसताना मी इतक्या वर्षांत फार कमी वेळा बघितलं होतं.

"हितून घर जवळ का टेसन?" तिनं विचारलं.

"टेसन थोडं जवळ. हीच गाडी सांजच्याला माघारी येती."

"मग चला."

"पन तुज्या पदरात..." आबा थांबले. त्यांनी करडाकडं बघितलं. त्यांच्या चेहऱ्यावर नियमांचं अख्खं पुस्तक येऊन गेलं. मग ते म्हणाले, "चालंल. त्याचं तिकीट लागत असंल ते काढू. ब्रेकव्हॅनीत, सामानाच्या डब्यात, बसवा म्हनले तर आपुन बी तिथंच बसू."

ती दोघं निघून गेली. जाताना मोठीमायनं मला एवढंच सांगितलं की काळीला आज बाहेर बांधू नको, ओली बाळंतीण हाय. आबांनी त्यांची गस्तीची वही माझ्या हातात दिली. एवढी शेरडं घेऊन मी घरी कशी जाणार, हे दोघांपैकी कुणी विचारलं नाही. मी आणि तीस शेरडं तिथं उभे राहिलो.

शेरडं घेऊन मोरीपर्यंत पोचायला मला दिवस मावळायला आला. तेवढ्यात गाडी माघारी आली. मी शेरडं मोरीखाली दाबून धरली आणि वर बघितलं. एका खिडकीत आबा, त्यांच्या शेजारी मोठीमाय, आणि तिच्या खांद्यावरून डोकं काढून करडू. मोठीमाय माळाकडं बघत होती. मी हात केला. तिनं मला बघितलं की शेरडांना, ते मला सांगता येणार नाही. गाडी आमच्या शिवारातून न थांबता तालुक्याकडं गेली. आता ती दोघं तिथं उतरून, जीप करून, गाडीनं ओलांडलेल्या स्वतःच्याच गावाकडं उलटी येणार होती.

मी वही उघडली. त्या दिवसाचं पान कोरं होतं. पेन पर्समध्ये होतंच. मी लिहिलं, 'मार्ग सुरक्षित', आणि खाली सही केली.